अथर्वशीर्षाचं सहस्रावर्तन ३० जणांत, एका सकाळी: नियोजन कसं करावं?

सोसायटीचा_गणपती:
माघी गणेशजयंतीला आमच्या सोसायटीत सहस्रावर्तन करायचं ठरलं आहे. पठणाला ३० जण बसतील. निम्म्यांना पाठ आहे, बाकीचे पुस्तकात बघून म्हणतील. सकाळी ८ ला सुरुवात आणि १२ ला आरती, एवढाच वेळ हाताशी आहे. मोजणी कशी धरतात? फलश्रुती दर वेळी म्हणायची का? आणि मूर्ती शाडूची आहे, तर अभिषेक कशावर करायचा?

सुपारी_२१:
वेळ पुरेल. ३० जणांनी ३४ आवर्तनं केली की १०२० होतात. वरची २० राहू द्या, कारण कोणी मध्येच उठतं, कोणाची ओळ सुटते. ‘ॐ नमस्ते गणपतये’पासून ‘वरदमूर्तये नमः’पर्यंत समूहात, न धावता म्हटलं तर चारेक मिनिटं लागतात, म्हणजे ३४ आवर्तनांना सव्वादोन तास. संकल्प आणि पूजनाला अर्धा तास धरा. ११ व्या आणि २२ व्या आवर्तनानंतर पाच-पाच मिनिटं थांबा, कोमट पाणी प्या. अकराच्या सुमारास मोकळे व्हाल.

फलश्रुती (‘एतदथर्वशीर्षं योऽधीते’पासून पुढे) फक्त शेवटच्या आवर्तनाला. ‘भद्रं कर्णेभिः’ हा शांतिमंत्र एकदा सुरुवातीला, एकदा समाप्तीला. दर वेळी दोन्ही म्हणत बसलात तर वेळ जवळजवळ दुप्पट होईल.

मोजणीसाठी एका वाटीत ३४ सुपाऱ्या ठेवा. आवर्तन संपलं की एक सुपारी दुसऱ्या वाटीत. हे काम पठण सांगणाऱ्याकडे देऊ नका, त्याचं लक्ष दोन्हीकडे राहत नाही. बसलेल्यांची संख्या सुरू करतानाच मोजा. २५ च जण आले तर ३४ पुरणार नाहीत, ४० करावी लागतील.

एकश्रुती:
गणित बरोबर आहे, पण अशा पठणाचा विचका आकड्यांमुळे होत नाही, तो पाठभेदांमुळे होतो. प्रत्येक जण आपल्या घरचं पुस्तक घेऊन येतो. एकात ‘अव पश्चात्तात्’ आधी, दुसऱ्यात ‘अव पुरस्तात्’ आधी. एकात ‘त्वं अवस्थात्रयातीतः’ आहे, दुसऱ्यात नाही. कुठे ‘विघ्ननाशिने’, कुठे ‘विघ्नविनाशिने’. त्या जागी अर्धे लोक पुढे जातात, अर्धे मागे राहतात आणि पुढच्या दोन ओळी नुसता गलका होतो. आठ-पंधरा दिवस आधी एकच पाठ ठरवा, मोठ्या टायपात ३० प्रती काढा आणि ज्यांना पाठ आहे त्यांच्याही हातात द्या. अडखळतात ते बहुधा तेच, कारण जिभेला जुनी सवय असते.

सरावात या जागा पक्क्या करा. ‘सर्वं जगदिदं’च्या चार वाक्यांचा क्रम जायते, तिष्ठति, लयमेष्यति, प्रत्येति. थकवा आला की तिसरं आणि चौथं हमखास उलटं होतं. ‘भूमिरापोऽनलोऽनिलो नभः’ सलग म्हणा. ‘अनलो, अनिलो’ असं सुटं केलं की अक्षरं वाढतात आणि लय तुटते. ‘सच्चिदानन्दाद्वितीयोऽसि’मध्ये श्वास तोडू नका. ‘गणादिं पूर्वमुच्चार्य वर्णादिं तदनन्तरम्’ एका श्वासात, मग थांबा.

वैदिक स्वरांचं, म्हणजे मंत्रातल्या ठरलेल्या चढउतारांचं म्हणाल तर छापील प्रतीत अक्षराखाली आडवी रेघ म्हणजे अनुदात्त, डोक्यावर उभी रेघ म्हणजे स्वरित, खूण नसलेला उदात्त. हे गुरुमुखातून शिकला असाल तरच तसं म्हणा. नाहीतर सगळ्यांनी एका सुरात सरळ म्हणावं. अंदाजाने केलेल्या चढउतारापेक्षा ते कितीतरी चांगलं. सूर आपल्या बोलण्याच्या आवाजाजवळचा धरा. पुरुष आणि बायका आपोआप एका सप्तकाच्या अंतरावर येतात.

आठ-दहा आवर्तनांनंतर गती वाढू लागते, तिच्याबरोबर सूरही चढतो आणि विसाव्यापर्यंत घसे बसतात. माईक फक्त सांगणाऱ्यापुढे ठेवा आणि दोघांनी आलटून पालटून सांगा. पुण्यात ऋषिपंचमीला दगडूशेठ गणपतीपुढे हजारो बायका एका लयीत म्हणतात, कारण सगळ्यांच्या कानावर एकच आवाज असतो.

ताम्हन:
शाडूच्या मूर्तीवर पाणी घालू नका. रंग उतरतो, माती भिजून जोड सुटतात. तिच्यावर दूर्वेने नुसतं प्रोक्षण करा, म्हणजे पाण्याचे थेंब शिंपडा. अभिषेकाला ताम्हनात धातूची लहान मूर्ती ठेवा, नसेल तर सुपारी.

गळती (मूर्तीवर थेंब थेंब पाणी सोडणारं, तळाला छिद्र असलेलं भांडं) आदल्या दिवशी लावून बघा. छिद्रात दर्भाची काडी किंवा सुती दोरा घालून सेकंदाला साधारण एक थेंब पडेल असं करा, म्हणजे सव्वादोन तासांना अर्धा लिटर पाणी पुरतं. धार लागली तर दर पाच मिनिटांनी उठावं लागतं आणि पठणातून लक्ष उडतं. गळतीत दूध घालू नका, सायीने दोरा तुंबतो. पंचामृत आधी पळीने घाला, मग शुद्धोदक (स्वच्छ पाणी), आणि त्यानंतर गळती.

पंचामृत तांब्याच्या भांड्यात अजिबात नको. दह्याच्या आंबटपणाने तांबं उतरतं आणि तेच तीर्थ म्हणून पोटात जातं. चांदीचं किंवा स्टीलचं भांडं घ्या. ४०-५० जणांना तीर्थापुरतं दूध १ लिटर, दही पाव लिटर, साखर २०० ग्रॅम, मध चार चमचे, तूप दोन चमचे. दूर्वा कोवळ्या, तीन किंवा पाच पात्यांच्या, २१ ची जुडी. तुळस नको.

सोसायटीचा_गणपती:
सगळ्यांचे आभार. एक शंका राहिली. ३० जणांनी मिळून एकदा म्हटलं तर ती ३० धरायची की १? आमच्याकडे यावरून दोन तट पडलेत.

सुपारी_२१:
दोन्ही मतं आहेत. काही गुरुजी समूहाचं एकच धरतात. तसं धरलं तर चार मिनिटांच्या हिशोबाने १००० ला ६६ तासांहून जास्त लागतील, एका सकाळी ते शक्यच नाही. म्हणून सामूहिक पठणात माणशी मोजायची पद्धत रूढ आहे. संकल्पातच ‘सर्वांनी मिळून १०००’ असा स्पष्ट उच्चार करा, म्हणजे नंतर वाद राहत नाही. ज्यांना ते पटत नाही त्यांनी घरी रोज २१ म्हणावीत. ४८ दिवसांत १००८ होतात. हवन करायचं असेल तर दशांश, म्हणजे १०० आवर्तनांचं. ते त्याच सकाळी कोंबू नका, गुरुजींना विचारून दुसरा दिवस ठरवा.