अ‍ॅलन पेज : खेळता खेळता वकील कसा झाला हा माणूस?

डावा_कोपरा (ता. दिग्रस)
नमस्कार मंडळी. मी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाले आहो, गावच्या मंडळाकडून कबड्डी खेळतो. पुढं एलएलबी करावं असं मनात आहे. बाबा म्हणतात, दोन दगडांवर पाय ठेवू नको, एक काय ते धर. परवा मोबाइलवर अ‍ॅलन पेज नावाच्या अमेरिकन फुटबॉलवाल्याची गोठ दिसली. बचावात खेळे म्हणते, आन् पुढं सुप्रीम कोर्टाचा जज झाला. खरं आहे काय? खेळ सोडल्यावर शिकला का खेळतानाच? तो खेळ मले समजत नाही, जरा सोपं करून सांगा.

काळीमाती
खरं असन बाप्पा, पण ते अमेरिकेत. तिथं खेळाचा पगार भेटते. इथं पोट्टे सोयाबीन सोंगून आले की मग मैदानात उतरतात.

वकील_दारव्हा
खरं आहे, आणि खेळतानाच शिकला. मी तालुक्याच्या कोर्टात वकिली करतो, तरुणपणी पकडीतच खेळलो, म्हणून या माणसाचं मला जरा जास्तच कौतुक. लांबण लागेल, सांभाळून घ्या.

पेज १९४५ चा, ओहायो राज्यातल्या कॅन्टन गावचा. नोत्र दाम विद्यापीठाकडून खेळला, १९६७ मध्ये मिनेसोटा वायकिंग्ज या व्यावसायिक संघानं खेळाडू निवडीच्या पहिल्याच फेरीत त्याला घेतलं. जागा डिफेन्सिव्ह टॅकलची, म्हणजे बचावाच्या पुढच्या रांगेत मधोमध. समोर त्याच्याहून वजनदार गडी आडवे उभे. त्यांच्यातून वाट काढायची आणि चेंडू फेकणाऱ्यानं हात उचलायच्या आत त्याला आडवं करायचं. याला तिथं सॅक म्हणतात. पेजचं बळ पहिल्या पावलात होतं. चेंडू हलला की समोरच्याला कळायच्या आत हा आत घुसलेला.

गंमत अशी की तिथल्या व्यावसायिक लीगनं (एनएफएल) सॅक अधिकृतपणे मोजायला सुरुवात केली १९८२ पासून, आणि हा १९८१ चा हंगाम खेळून थांबला. मागून जुने सामने तपासून लोकांनी त्याचे १४८.५ सॅक मोजले, पण अधिकृत खात्यात ते नाहीत. आपल्याकडेही चढाईचे गुण गावभर पाठ असतात, पकडी कोण लक्षात ठेवते?

तरी १९७१ मध्ये त्याला लीगचा सर्वोत्तम खेळाडू निवडलं. बचावातल्या गड्याला हा मान मिळण्याची ती पहिलीच वेळ. त्यानंतर आजवर फक्त १९८६ मध्ये लॉरेन्स टेलरला मिळाला. वायकिंग्जकडून तो चार वेळा सुपर बोलमध्ये, म्हणजे अंतिम सामन्यात गेला आणि चारही हरला. ते असो.

आता तुझा प्रश्न. लॉ कॉलेजात तो आधीही एकदा गेला होता, काही आठवड्यांत सोडून आला. १९७५ मध्ये मिनेसोटा विद्यापीठात पुन्हा नाव घातलं. तिशीला टेकलेला, देशभर नाव झालेला गडी, आणि वर्गात विशी-बाविशीच्या पोट्ट्यांशेजारी बसून करार कायदा शिकून राहिला. १९७८ मध्ये पदवी हाती. एवढ्या काळात एक सामना चुकला नाही. अख्ख्या कारकिर्दीत ओळीनं २१८ खेळला. वर खेळाडूंच्या संघटनेचं कामही पाहायचा. मला विचाराल तर १९७१ पेक्षा ते १९७५ मोठं.

अमरावतीची_रेडर
वकील साहेब, मी असं वाचलं की पदवी मिळाली त्याच वर्षी संघानं त्याले काढलं. अभ्यासामुळं काय?

वकील_दारव्हा
नाही ताई, वजनामुळं. बायकोला सिगारेट सोडायची होती म्हणून ती धावायला लागली, तिच्यासोबत हाही. हळूहळू गोडी इतकी लागली की ११० किलोच्या आसपासचा माणूस शंभरीच्या घरात आला. प्रशिक्षकाचं म्हणणं पडलं, मधल्या जागेवर हा आता हलका पडते. हंगामाच्या मध्येच मोकळा केला. शिकागो बेअर्स या दुसऱ्या संघानं नाममात्र १०० डॉलर भरून उचलला. तिथं त्याच उतरलेल्या वजनावर तीन वर्षांच्या वर खेळला आणि ४० सॅक काढले! १९७९ मध्ये पूर्ण मॅरेथॉनही धावला, लीगमध्ये खेळत असताना.

(याचा अर्थ ५५ किलोच्या गटात बसायला दोन दिवस उपाशी राहा असा कोणी काढू नका. आपले पोट्टे तेच करतात आणि उत्तरार्धात पाय उचलत नाही.)

काळीमाती
आन् जज? तिथं तर म्हणते मतदान होते जजसाठी.

वकील_दारव्हा
हो, आणि तीच मजा आहे. आधी १९७९ पासून खासगी फर्ममध्ये वकिली, मग १९८५ पासून राज्याच्या अ‍ॅटर्नी जनरलच्या, म्हणजे सरकारच्या मुख्य वकिलाच्या कार्यालयात. १९९२ मध्ये मिनेसोटाच्या सुप्रीम कोर्टाच्या जागेसाठी उभं राहायचं ठरवलं. (हे त्या राज्याचं शेवटचं कोर्ट, दिल्लीसारखं देशाचं नव्हे.) तर गव्हर्नरनं त्या जागेवरच्या न्यायाधीशाची मुदत वाढवून दिली, म्हणजे निवडणूकच टळली. हा गडी त्याविरुद्ध कोर्टात गेला, निकाल आपल्या बाजूनं घेतला, मग उभा राहिला आणि जिंकला. त्या कोर्टातला पहिला कृष्णवर्णीय न्यायाधीश. तिथं सत्तरीला निवृत्ती सक्तीची, म्हणून २०१५ मध्ये उतरला. २०१८ मध्ये राष्ट्राध्यक्षांच्या हस्ते मेडल ऑफ फ्रीडम हा तिथला मोठा नागरी सन्मान मिळाला.

आणखी एक. फुटबॉलचं हॉल ऑफ फेम, म्हणजे थोर खेळाडूंचं सन्मान-दालन, त्याच्याच कॅन्टन गावात आहे. पोरगा असताना त्या इमारतीच्या बांधकामावर यानं काम केलेलं. १९८८ मध्ये तिथं सन्मान झाला, तेव्हा ओळख करून द्यायला सहसा जुना प्रशिक्षक बोलावतात. यानं एका शाळेची मुख्याध्यापिका बोलावली. त्याच वर्षी गरजू मुलांच्या शिक्षणासाठी फाउंडेशनही काढलं.

डावा_कोपरा
लय आभारी आहो साहेब. बाबाले वाचून दाखवतो. फक्त तिथली गोठ झाली, इथं मी काय करू ते सांगा.

वकील_दारव्हा
तीन वर्षांच्या एलएलबीची सीईटी, म्हणजे प्रवेश परीक्षा दे. पदवीला खुल्या गटात ४५ टक्के लागतात, ओबीसीला ४२, एससी-एसटीला ४०. शेवटच्या वर्षाचा असशील तरी फॉर्म भरता येते. खरी अडचण हजेरीची, बार कौन्सिलचा (वकिलांच्या नियामक संस्थेचा) नियम ७० टक्क्यांचा आहे. रात्रीच्या सामन्यांनी काही बिघडत नाही, दुसऱ्या दिवशी झोपून राहशील तर बिघडते.

काळीमाती
७० टक्के? आन् ऐन दिवाळीच्या तोंडावर सोंगणीले कोण येईन?

डावा_कोपरा
काका, तुमचंच वावर आमच्या शेजारी हाये हे मले आत्ता समजलं. बाबाले सांगू नका, मीच सांगतो.