सगळे सॅमन मरतातच का? इसाक्वाला बघून आले, दोन प्रश्न

बॉथेलची_नीरजा
शनिवारी आईबाबांना घेऊन सिएटलजवळच्या इसाक्वाच्या हॅचरीवर (माशांची पिल्लं वाढवून नदीत सोडतात ते केंद्र) गेले होते, ऑक्टोबर म्हणजे सॅमन वर चढायचा सीझन. पुलावरून बघितलं तर हे एवढाले मासे, पण अवस्था बघवत नव्हती, शेपट्या झिजून पांढऱ्या, अंगावर बुरशी, तरी प्रवाहाच्या उलट चाललेत. आई म्हणाली, अगं हे तर आपले चढणीचे मासे! मग काठाला मेलेले दिसले तशी गप्प झाली. सगळे मरतातच का? आणि हॅचरीवाले इतकी पिल्लं सोडतात तर मग 'सॅमन वाचवा' कशाला?

गाबोळीप्रेमी
काकू बरोबर आहेत, फक्त हे थेट समुद्रातून येतात. चिनूक, कोहो, सॉकाय हे इथले सॅमनचे प्रकार एकदाच अंडी घालतात नि मरतात, अटलांटिकवाला सॅमन कधीकधी वाचून परत जातो. गोड्या पाण्यात शिरले की खाणं जवळपास बंद, अंगातल्या चरबीवर चालतात. मादी आडवी होऊन शेपटीने गोटे उडवते, खड्डा करून अंडी घालते, वर परत गोटे लोटते, शेपटी झिजते ती त्यातच. पिल्लू बाहेर आलं तरी पोटाला नारिंगी पिशवी असते, ती संपेपर्यंत गोट्यांतच दडून. मेलेल्यांवर किडे वाढतात, ते पिल्लं खातात. म्हणून काठावरचे उचलायचे नाहीत हां.

टकोमाकर
हॅचरीत आकडा वाढतो हो, नदी सुधारत नाही. टाकीत वाढलेल्यांच्या पिढ्या टाकीलाच सरावतात, मग जंगली माशांत मिसळल्या की वाणच कमजोर होतो. शेपटीजवळचा पाठीवरचा बारका पर कापलेला दिसला तर तो हॅचरीचा. इथल्या प्युजेट साउंड खाडीचा चिनूक १९९९ पासून संकटग्रस्त यादीत आहे. खरा उपाय बघायचा तर एल्व्हा नदीवर जा, १९१३ पासून मासे धरणाच्या भिंतीपाशी अडायचे, २०११ ते २०१४ मध्ये तिथली दोन्ही धरणं पाडली, आता वरपर्यंत जातात.

गाबोळीप्रेमी
आणि टायर! रबर तडकू नये म्हणून घालतात त्या ६पीपीडी नावाच्या रसायनाचं रस्त्यावर विष बनतं, पावसाने ओढ्यात गेलं की कोहो काही तासांत खलास, अंडी पोटातच. २०२० मध्ये कुठे कळलं हे. आपल्याच गाड्या.

बॉथेलची_नीरजा
थँक्स! आईला वाचून दाखवलं. ती म्हणतेय, पहिल्या पावसात आम्ही तर मुद्दाम गाबोळी भरलेलेच धरायचो.