नाव ओटावातून गेलं, प्रांतांत राहिलं

कॅनडाचा प्रोग्रेसिव्ह कॉन्झर्व्हेटिव्ह पक्ष १९९३ मध्येच संपला, असं म्हटलं जातं. ओटावापुरतं, म्हणजे केंद्रातल्या राजकारणापुरतं, ते बऱ्याच अंशी ठीक. तिथे त्या वर्षी १६ टक्के मतं मिळूनही २९५ पैकी जेमतेम २ जागा आल्या, आणि २००३ मध्ये कॅनेडियन अलायन्स या दुसऱ्या उजव्या पक्षाशी एकत्र येताना 'प्रोग्रेसिव्ह' हा शब्दच गळाला.

पण प्रांतांत तो जिवंत आहे. मी ऑन्टारियोत राहतो. प्रांतिक निवडणुकीला घरांपुढच्या हिरवळीत रोवलेल्या निळ्या पाट्यांवर 'पीसी' (प्रोग्रेसिव्ह कॉन्झर्व्हेटिव्ह) असतं, केंद्राच्या निवडणुकीला 'कॉन्झर्व्हेटिव्ह'. पक्ष दोन, सभासदत्वही वेगवेगळं. अल्बर्टात तर पीसींनी १९७१ ते २०१५ सलग राज्य केलं, म्हणजे ओटावातल्या पडझडीनंतरही २२ वर्षं! मुळात 'प्रोग्रेसिव्ह' हे बिरुद आलंच प्रांतातून: १९४२ मध्ये मॅनिटोबाचे मुख्यमंत्री जॉन ब्रॅकन यांनी केंद्रातल्या कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाचं नेतृत्व घेताना घातलेली ती अट होती.