मदत हवी आहे: वाळवंटातला सर्व्हायव्हल गेम, तहानेची पट्टी गोष्ट वाचूच देत नाही

सावलीशोध:

नमस्कार मंडळी. गेम बनवणारे, गोष्टी लिहिणारे आणि भूगोलाचं वेड असलेले, तिघांनीही डोकावून जावं असा प्रश्न आहे.

फावल्या वेळात एक छोटा गेम करतेय. गोडो इंजिन (गेम बनवायचं सॉफ्टवेअर), काम एकटीचं, आवाज तेवढे एक मित्र करून देतो. जागा चिलीतलं अटाकामा वाळवंट, काळ आजचा. नायिका सर्वेक्षण करणारी बाई आहे. गाडी बंद पडते, रेडिओ लागत नाही, आणि चालत जाण्याच्या अंतरावर आहे काय, तर नायट्रेटची एक उजाड वसाहत.

ज्यांना हा प्रकार माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. खतालाही लागणारं आणि दारूगोळ्यालाही लागणारं सोडियम नायट्रेट एकेकाळी जगाला इथून जायचं. खाण, कारखाना, मजुरांच्या चाळी, दुकान, नाटकघर असं अख्खं गाव कंपनी वसवायची. त्याला तिथे 'ऑफिसिना' म्हणत. मजुरी पैशात नाही, 'फिचा' नावाच्या बिल्ल्यांत मिळायची आणि ते बिल्ले त्याच कंपनीच्या दुकानात चालायचे. १९१३ साली जर्मनीत हवेतल्या नायट्रोजनपासून अमोनिया करायचा कारखाना सुरू झाला, त्यातून खत आणि दारूगोळा बनू लागल्यावर खाणीतल्या नायट्रेटची गरज घटली आणि पुढच्या काही दशकांत ही गावं एकामागून एक ओस पडली. हम्बरस्टोन आणि सांता लॉरा ही दोन २००५ पासून युनेस्कोच्या वारसा यादीत आहेत. माझी वसाहत काल्पनिक आहे, पण ढाचा त्यांचाच.

गोष्ट अशी की दुकानातली उधारीची वही, काही पत्रं आणि बिल्ले यांतून खेळाडूला हळूहळू कळत जातं, की १९०७ च्या संपाला इथून कोणकोण चालत इकीके बंदराला गेलं आणि कोण परत आलं नाही. तो संप खरा आहे. बिल्ल्यांची पद्धत बंद करा ही त्यातली एक मागणी होती. २१ डिसेंबरला सांता मारिया शाळेत जमलेल्या संपकऱ्यांवर सैन्याने गोळ्या झाडल्या.

आता दुखणं. स्क्रीनच्या कोपऱ्यात तहानेची पट्टी आहे आणि ती सतत उतरत असते. मित्रमंडळींना खेळायला दिलं की पत्र उघडतात, एक डोळा पट्टीवर ठेवतात आणि 'पुढे, पुढे' दाबत सुटतात. एक उदाहरण सांगते. मधोमध भोक असलेला एक पितळी बिल्ला सापडतो. दर्शनी बाजूला कंपनीचं नाव आणि किंमत. उलटा केला तर मागे खिळ्याने ओरखडलेली दोन अक्षरं आहेत, आणि उधारीच्या वहीत ज्या नावापुढचा हिशेब अर्धवट सुटलाय त्याचीच ती आद्याक्षरं. अख्ख्या गोष्टीची किल्ली ती. बिल्ला उलटा करून कोणीही पाहिलेला नाही. खिशात टाकतात आणि पाणी शोधायला पळतात.

पट्टी उतरायचा वेग कमी करून पाहिला, तर भीतीच गेली. मग वाळवंट म्हणजे नुसता मागे टांगलेला पडदा. वाचताना वेळ थांबवून पाहिला, तर लोक अडचणीत सापडले की पत्र उघडून निवांत विचार करत बसतात. तेही खोटं वाटतं.

पाणी आणि गोष्ट एकत्र नांदतील असं काही सुचतंय का? दोन्हींतलं एक काढून टाकायचा सल्ला शक्यतो नको.

---

बगपकड:

वाचताना वेळ थांबव एवढंच लिहायला आलो होतो, पण ते आधीच करून झालंय म्हणतेस.

मग आधी आकड्यांचं बोल. पट्टी दर फ्रेमला (म्हणजे स्क्रीनवरच्या दर चित्राला) डेल्टाने, म्हणजे दोन फ्रेममधल्या वेळाने, गुणून एकाच वेगाने उतरतेय का? उन्हात पळणं, उन्हात उभं राहणं आणि भिंतीच्या सावलीत बसणं, तिन्हींचा दर एकच असेल तर खेळाडूला बसायचं कारणच नाही. पळणं हाच शहाणपणा ठरतो.

---

सावलीशोध:

सध्या दर एकच आहे. सावली फक्त दिसायला आहे.

(हो, माझं सदस्यनाव वाचून हसून घ्या.)

---

वाटसरू७:

अटाकामावर 'एरिड' नावाचा गेम आहेच की. हॉलंडमधल्या ब्रेडा विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांनी केलाय, फुकट आहे, विमान कोसळून वाचलेला माणूस वगैरे. मग परत तेच कशाला?

---

सावलीशोध:

खेळलेय, आवडलाय. एका वाळवंटात दोन गोष्टी मावतात हो.

---

खडकवाचक:

गेममधलं मला फार कळत नाही, पण दगड-माती-पाण्याबद्दल थोडं बोलू शकतो. जरा लांबेल.

पहिली गोष्ट, अटाकामा म्हणजे सहारा नव्हे. नायट्रेटच्या गावांचा पट्टा समुद्रसपाटीपासून साधारण हजार मीटरवर आहे. दिवसा पारा तिशीच्या आसपास, हिवाळ्यात पहाटे शून्याच्या जवळ. तुमच्या नायिकेला भट्टीत शेकल्यासारखं होणार नाही. तिला वाटेल, बरी हवा आहे की! आणि तीच खरी गोम. हवा इतकी कोरडी की घाम आला तसा उडून जातो. कपडे ओले होत नाहीत, त्यामुळे आपण सुकत चाललोय हे माणसाच्या लक्षातच येत नाही. वजनाच्या दोन टक्के पाणी गेलं की चाल मंदावते, डोकं नीट चालेनासं होतं. इतका अचूक हिशेब कोपऱ्यातल्या पट्टीवर दाखवणं म्हणजे तिला जे कळणार नाही ते खेळाडूला आयतं सांगणं.

दुसरी, पाणी राखून ठेवण्याने माणूस वाचत नाही, घाम राखल्याने वाचतो. भर उन्हात झपझप चालणाऱ्याचं तासाला लिटरभर पाणी सहज जाऊ शकतं. सावलीत गप्प बसलेल्याचं त्याच्या कितीतरी कमी. बगपकड म्हणतात ते शरीरशास्त्रालाही धरूनच आहे.

तिसरी सगळ्यात महत्त्वाची. सर्व्हायव्हल गेममध्ये सर्रास दाखवतात की डबक्यातलं पाणी उकळलं, झालं पिण्याजोगं. इथे ते चालणार नाही. त्या भागातल्या पाण्यात क्षार तर असतातच, पण अँडीजच्या ज्वालामुखी खडकांमुळे आर्सेनिकही असतं. अँटोफागास्ता शहराला १९५८ पासून जे नदीचं पाणी नळाने मिळत होतं त्यात आर्सेनिक प्रचंड होतं. १९७० मध्ये शुद्धीकरण सुरू झालं, पण कॅन्सरचं वाढलेलं प्रमाण पुढे कित्येक वर्षं दिसत राहिलं. उकळल्याने जंतू मरतात, आर्सेनिक जागेवरच राहतं. उलट पाणी आटतं तसं ते जास्त दाट होतं.

उपाय ऊर्ध्वपातन, आणि तो त्याच वाळवंटात सापडतो. १८७२ मध्ये लास सालिनास इथे चार्ल्स विल्सन नावाच्या इंजिनिअरने नुसत्या उन्हावर चालणारा कारखाना उभारला होता. लाकडी कुंड्या, वर तिरक्या काचा, एकूण साडेचार हजार चौरस मीटरच्या आसपास काच. खारं पाणी तापतं, वाफ काचेला आतून लागते, थेंब घरंगळत कडेच्या पन्हळीत येतात. दिवसाला वीस हजार लिटरच्या वर गोडं पाणी निघायचं, आणि त्यातलं बरंचसं खाणीवरची खेचरं प्यायची.

तुमच्या उजाड वसाहतीत खिडक्या असतीलच ना?

---

सावलीशोध:

बाप रे. खिडक्या आहेत. खिडक्याच खिडक्या आहेत. मी त्या नुसत्या फुटक्या दाखवायला काढल्या होत्या.

शंका: शंभर वर्षांपूर्वीची पत्रं तिथे खरंच वाचता येण्याजोगी राहतील का? हा प्रश्न खेळणाऱ्यांपैकी एकाने विचारला होता.

---

खडकवाचक:

चिंचोरो या तिथल्या प्राचीन लोकांच्या ममी त्याच किनाऱ्यावर सात हजार वर्षं टिकल्या आहेत. तुमचा कागद शंभर वर्षं टिकेल.

---

रातकिडा:

खडकवाचक यांना दंडवत.

सावलीशोध, तू दिवस आणि रात्रीची अदलाबदल करून बघ. 'धिस वॉर ऑफ माइन' या युद्धावरच्या गेममध्ये दिवसा स्नायपरच्या भीतीने घराबाहेर पडता येत नाही. दिवसा डागडुजी आणि स्वयंपाक, रात्री शोधाशोध. इथे स्नायपरच्या जागी ऊन. दिवसा बाहेर पडायला बंदी घालू नकोस, फक्त ते इतकं महाग पडू दे की एकदा पोळलेला माणूस दुसऱ्यांदा जाणार नाही. मग सावलीत करायचं काय? वहीच वाचणार!

रात्र चालण्यासाठी. आकाश तिथे इतकं स्वच्छ की मोठमोठ्या दुर्बिणी मुद्दाम तिथे नेऊन ठेवल्यात, त्यामुळे तारे बघून दिशा काढणं नुसती सजावट ठरणार नाही. रात्रीचे धोके वेगळे: थंडी, आणि खनिज काढून उघडे टाकलेले खड्डे. बॅटरी लावली तर खड्डा दिसेल, पण डोळे दिपून तारे दिसेनासे होतील. मला तरी हे तहानेच्या पट्टीपेक्षा मजेशीर वाटतं.

अजून एक. 'कामांचाका' वापर. समुद्रावरून येणारं ते दाट धुकं डोंगरांमधल्या वाटांनी कधीकधी आतपर्यंत पोचतं. चिलीच्या किनाऱ्यावर चुंगुंगो नावाच्या गावाने नव्वदच्या दशकात डोंगरावर जाळी ताणून या धुक्यातून पाणी मिळवलं होतं, जाळीच्या चौरस मीटरमागे दिवसाला साधारण तीन लिटर. म्हणजे धुकं आलं तर पाणी मिळेल पण तारे जातील. चालायचं की जाळी ताणून बसायचं, खेळाडूने ठरवावं.

---

बगपकड:

धुकं आवडलं. पण मोबाइलवर चालवायचा विचार असेल तर त्या दाट धुक्यात फोनचाच घाम निघेल, एवढं लक्षात ठेव.

---

नुसतीवाचक:

मी गेम फारसे खेळत नाही, गोष्टी वाचते. म्हणून बाहेरून एक सुचवते.

तुमची माणसं वाचत नाहीत कारण वाचताना त्यांचं काहीतरी कमी होत असतं. वेळ थांबवली तर काहीच होत नसतं, म्हणून वाचनाला जीव नाही. तिसरा पर्याय उरतो की! वाचताना काहीतरी जमा होऊ दे.

खडकवाचक यांची ती काचेची कुंडी घ्या. थेंब पडायला अख्खा दिवस लागणार. नायिका भिंतीच्या सावलीत बसलीय, पुढ्यात डबा, टप... टप... चालू. जायला कुठे जागा नाही, घाई करून उपयोग नाही. अशा वेळी माणूस खिशातल्या वस्तू काढून बघतोच. तेव्हा तिच्या हातात तो बिल्ला द्या. उलटा करायला वेगळं बटण नको, बोटांत नुसता फिरू दे. अक्षरं लगेच मोठी करून दाखवू नका. तिसऱ्या-चौथ्या फेरीला ऊन तिरपं झालं की ओरखडे आपोआप चमकतील.

आणि पत्रं पेटीत, कपाटात, टेबलावर ठेवू नका. काच काढायला जिथे जावं लागतं तिथे ठेवा. शाळेची खिडकी, दुकानाची खिडकी, मॅनेजरच्या बंगल्याची खिडकी. कोणाच्या घरची काच काढली त्यावर आज कोणाची गोष्ट वाचायला मिळेल ते ठरू दे.

मॅनेजरच्या काचा मोठ्या आणि धड असणार, हे सांगायला नकोच. मजुरांच्या चाळीत काच मिळेल का, याचीही शंका आहे.

---

रातकिडा:

वर कोणीतरी 'गेम फारसे खेळत नाही' असं लिहिलंय. खेळू नका, सरळ बनवायलाच घ्या.

---

सावलीशोध:

नुसतीवाचक, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला आणि उठून वहीत चित्र काढायला बसले. पट्टी काढतेय. तिच्या जागी कोरडे ओठ, जड श्वास, अडखळती चाल आणि डब्यातलं पाणी, बस्स. आवाजवाल्या मित्राला थेंबांचे वेगवेगळे आवाज करायला सांगितलेत: रिकाम्या डब्यातला, तळ झाकलेला, अर्धा भरलेला. म्हणजे न बघताही किती जमलं ते कळेल.

मॅनेजरच्या खिडकीचं तर डोक्यातून जातच नाहीये. मोठी काच हवी तर त्याच्याच घरात जावं लागेल आणि त्याचीच बाजू आधी वाचावी लागेल. संपाबद्दलचं त्याचं पत्र मी शेवटी ठेवलं होतं, ते आता बहुतेकांच्या हातात सगळ्यात आधी पडेल. आधी त्याच्यावर विश्वास बसेल, मग चाळीतलं सापडेल.

खडकवाचक, आकडा हवाय. एका माणसाला जगवायला किती काच लागेल? आणि उतार किती ठेवायचा?

---

खडकवाचक:

चांगल्या उन्हात चौरस मीटरमागे दिवसाला तीन ते पाच लिटर धरा. दिवसभर सावलीत राहून रात्रीच चालणार असेल तर एक चौरस मीटरमध्ये कसंबसं भागेल. दिवसा भटकणार असेल तर दोन-तीनही कमी पडतील.

काच अगदी आडवी ठेवली तर थेंब घरंगळायच्या आत परत खाऱ्या पाण्यात पडतात, म्हणून थोडा उतार हवाच. फटी चिखलाने लिंपायला लावा, नाहीतर वाफ बाहेर. आणि कुंडीचा तळ काळा हवा. वसाहतीत डांबर किंवा काजळी कुठेतरी असेलच. रोजच्या रोज तळाशी साचलेलं मीठ खरवडायला लावा, ते विसरलं की पाणी कमी निघायला लागतं.

---

बगपकड:

काच काढताना फुटू शकते का?

---

सावलीशोध:

फुटणार. आणि फुटली तर त्या घरातलं पत्र वाचायला वेळ मिळेल, पण पाणी नाही. किती वेळा फुटावी याचा आकडा अजून ठरत नाहीये. दर वेळी नशिबावर सोडलं तर लोक चिडून आधी सेव्ह केलेला गेम परत उघडतील.

---

बगपकड:

नशिबावर नको. तहान वाढली की हात थरथरतात, तेवढंच कारण ठेव. घटाघटा पिऊन काच काढायला गेलं तर धड निघेल, कोरड्या घशाने गेलं तर तडकेल. चाचणीला मी आहे. लिनक्सवर चालेल ना?

---

सावलीशोध:

चालेल. मॅनेजरचा बंगला झाला की दुवा व्यनिने (व्यक्तिगत निरोपाने) पाठवते. नुसतीवाचक, तुम्हालाही पाठवणार आहे, नाही म्हणू नका.