फेरीबोटीतले आजोबा घरचा पत्ता सांगू शकत नसतील, तर काय करायचं?

मांडवीकाठ:
गोव्यात जुने गोवें–दिवाडी फेरीबोटीत एखादे वयस्क गृहस्थ नुसतेच ये-जा करताना दिसतात. पायी उतारूला तिकीट नाही, त्यामुळे कोणी हटकत नाही. बोलतात गोड, पण घर कुठे ते सुधरत नाही. अनोळखी माणसाने नेमकं काय करावं?

निवृत्त परिचारिका:
समोरून जा. मागून खांद्यावर हात पडला की दचकतात. आधी आपलं नाव सांगा, शेजारी बसा, एका वेळी एकच प्रश्न विचारा आणि उत्तरासाठी दहा-पंधरा सेकंद खरंच थांबा. "आठवतं का?" असं विचारू नका, त्याने माणूस ओशाळतो आणि गप्प होतो. विसराळूपणाच्या आजारात ताज्या आठवणी आधी जातात, लहानपणच्या टिकतात. म्हणून फोन नंबराच्या मागे लागण्यापेक्षा कोंकणीत "तुमचो वाडो खंयचो?" (तुमचा वाडा कुठला?) म्हणा. जत्रा कुठल्या देवळाची, फेस्त (ख्रिस्ती सण) कुठल्या कपेलाचं (छोट्या चर्चचं), शाळा कुठली, हे विचारा. मात्र सांगितलेलं घर चाळीस वर्षांपूर्वीचंही असू शकतं.
जीभ अचानक जड झाली, तोंड वाकडं झालं किंवा दरदरून घाम सुटला, तर हा नुसता विसर नव्हे. थेट 108 लावा.

दिवाडीचा:
फेरीबोटवाल्यांना लगेच सांगा. दिवाडी बेटावर जुने गोवें, रायबंदर आणि नार्वे अशा तीन बाजूंनी फेऱ्या लागतात. नार्वेला उतरलेला माणूस डिचोली तालुक्यात पोचतो आणि घरचे इकडे तिसवाडी तालुक्यातच शोधत बसतात! मग 112 लावा. बेपत्ता माणसाच्या तक्रारीला 24 तास थांबायचा नियम नाही. जवळ मोबाईल असेल तर त्यांना विचारूनच घ्या. लॉक असला तरी 'आपत्कालीन' दाबल्यावर घरचा नंबर मिळू शकतो, पण तो कोणीतरी आधी भरून ठेवलेला हवा.

मांडवीकाठ:
फोटो ग्रुपवर टाकला तर?

निवृत्त परिचारिका:
टाकू नका. फोटो पाहून कोणीही नातेवाईक म्हणून उभा राहतो. ओळख पटवणं पोलिसांचं काम. सल्ला हवा असेल तर ज्येष्ठांची हेल्पलाइन एल्डरलाइन 14567, सकाळी 8 ते रात्री 8.

दिवाडीचा:
आणि बसमध्ये बसवून कंडक्टरवर सोपवणं हा सगळ्यांत मोठा घोळ. पुढच्याच थांब्यावर उतरतात. पोलीस येईपर्यंत जागचं हलू नका, जत्रेचा विषय चालू ठेवा. बोलणं थांबलं की ते पुढची फेरी धरतील.