चर्चा: सोलापूरच्या इंद्रभुवनात अप्पासाहेब वारदांचं चरित्र लावावं का?

बाळीवेसकर: घरपट्टी भरायला आपण इंद्रभुवनात जातो, नक्षीचे खांब बघतो आणि रांगेत उभे राहतो. हा वाडा अप्पासाहेब वारद या व्यापाऱ्यानं बांधला. १८९९ साली काम सुरू झालं आणि दशकभर चाललं. आज तिथं महापालिका बसते. माझं स्पष्ट मत आहे, की पेढ्या आणि गिरण्यावाल्यांनीच हे शहर उभं केलं. वारदांचं चरित्र दर्शनी भागात मराठी, कन्नड आणि तेलुगूत लावलं पाहिजे.

गिरणकाठ: लावा की, पण पूर्ण लावा. तेव्हाच्या पालिकेत मत होतं ते कर भरणाऱ्याला. गिरणीचा भोंगा वाजला की धावणाऱ्या बाईला कसलं मत? तिच्या गल्लीतला नळ नि गटार ठरवायचे दुसरेच. आणि सेटलमेंट विसरलात काय? ‘गुन्हेगार जमाती’ असा शिक्का मारून तारेच्या कुंपणात ठेवलेली माणसं हजेरी देऊन गिरणीत जायची. तो शिक्का मारणारा कायदा देशभरातून १९५२ ला गेला. सोलापूर ‘घडवलं’ म्हणताना त्यांचं नाव आधी घ्या.

चाटी गल्ली: गिरणकाठभाऊ, सगळे व्यापारी एका तागडीत तोलू नका. कर भरणाऱ्यांनीच निवडलेल्या पालिकेच्या इमारतीवर ६ एप्रिल १९३० ला तिरंगा लागला. मे महिन्यात गोळीबार झाला, मार्शल लॉ लागला. १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात चौघांना फाशी दिली: मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन. यातले सारडा मारवाडी व्यापारी घरातले. त्यांना काय कमी होतं? तरी गेलेच ना!

गिरणकाठ: सारडांपुढं हात जोडतो. पण त्यांचं पुण्य वारदांच्या खात्यावर कसं जमा करता? कुर्बान हुसेन कामगारांत वावरणारे, ‘गझनफर’ पत्र चालवणारे. दहशत बसवायला सरकारनं या चौघांना निवडलं. वाडा बांधणं निराळं नि फासावर जाणं निराळं.

बाळीवेसकर: मी दोन्ही एक म्हटलेलंच नाही. पण वारदांच्या पिढीची अडचण बघा. गावोगावच्या पालिकांत कलेक्टरच बरीच वर्षं अध्यक्ष असायचा. एकरुख तलावाचं पाणी शहरात आणायचं, रस्ता करायचा, जकात ठरवायची, तर साहेबाशी बोलावंच लागायचं. बोलला म्हणून व्यापारी इंग्रजधार्जिणा ठरतो का? पाणी प्यायलो ते आपणच.

गिरणकाठ: पाणी आधी कुणाच्या पेठेत गेलं, तेही त्या चरित्रात येऊ द्या. माझा विरोध फलकाला नाहीच.

चाटी गल्ली: मग मजकूर इथंच लिहायला घेऊ. वारदांचा भाग बाळीवेसकरांनी लिहावा, सेटलमेंटचा तुम्ही. १९३० चं मी लिहितो. जकातीचं कुणाला नीट माहीत असेल तर पुढं या.