राजधानीची जागा लोकांनी मतदानाने ठरवल्याची उदाहरणे आहेत का?

प्रश्न (कणकवली)
१ मे १९८१ रोजी रत्नागिरीतून सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा झाला आणि मुख्यालयासाठी ओरोसची निवड झाली. परंतु हा निर्णय शासनाचा होता, मतदारांचा नव्हे. एखाद्या राज्याची राजधानी कोठे असावी, हा प्रश्न थेट जनतेपुढे ठेवला गेल्याचे उदाहरण कोणी सांगू शकेल का?

उत्तर (वेंगुर्ले)
अमेरिकेतील अलास्का पाहावे. त्याची राजधानी जुनो समुद्रकाठी असून तेथे बाहेरून रस्त्याने जाताच येत नाही, बोट किंवा विमान हेच मार्ग. (आगबोटीच्या काळातले वेंगुर्ले आठवणाऱ्यांना यात नवल वाटणार नाही.) राजधानी हलवण्याचा प्रस्ताव मतदारांनी १९६० आणि १९६२ मध्ये फेटाळला, १९७४ मध्ये मात्र मान्य केला, आणि १९७६ मध्ये तीन जागांमधून अँकरेजच्या उत्तरेकडील विलो हे ठिकाण निवडलेही. पण १९८२ मध्ये सुमारे २८० कोटी डॉलरचा खर्च मंजुरीसाठी समोर आला, तेव्हा त्याच राज्याच्या मतदारांनी नकार दिला आणि राजधानी जुनोलाच राहिली. माझ्या मते, जागेबरोबर खर्चही विचारला नाही तर असे मतदान अर्धेच राहते.

उत्तर (रत्नागिरी)
मतदान निर्णायक ठरल्याचेही उदाहरण आहे. ओक्लाहोमाला राज्याचा दर्जा देताना राजधानी १९१३ पर्यंत गथ्री येथेच राहील, अशी अट अमेरिकी काँग्रेसने घातली होती. तरीही ११ जून १९१० रोजी मतदारांनी ओक्लाहोमा सिटीच्या बाजूने मोठा कौल दिला आणि गव्हर्नर हॅस्केल यांनी निकालाची वाट फारशी न पाहता कारभार तिकडे नेला. वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. राजधानीची जागा ठरवणे हा राज्याचाच अधिकार असल्याचा निर्णय १९११ मध्ये झाला.

प्रश्नकर्ता (कणकवली)
आभारी आहे. मग गोव्याचा १६ जानेवारी १९६७ चा जनमत कौल यात मोडेल का?

उत्तर (वेंगुर्ले)
थेट नाही. तेथे प्रश्न महाराष्ट्रात विलीन व्हावे की केंद्रशासित राहावे, एवढाच होता आणि विलीनीकरणाचा पक्ष ३४,०२१ मतांनी हरला. मात्र निकाल उलटा लागता, तर गोव्याच्या कारभाराची राजधानी मुंबई झाली असती. पणजीचे नाव मतपत्रिकेवर नसले, तरी तिचे भवितव्य त्या मतपेटीतच होते.